ललिताबाईंचा डावा डोळा

रात्रीच्या लाइटीला शेतात जाऊन मोटार सुरू करायची असूनही इथे येऊन बसलेल्या चोपडेकर बंधू-भगिनींनो,

ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, त्यांना सिनेमाचं वावडं नव्हतं, असं मला आयोजकांनी सांगितलं. ते ऐकून धीर आला. कारण या व्यासपीठावरून सहकारावर बोलून झालंय, संतांवर बोलून झालंय, तापीच्या पाण्यावर तर दरवर्षी बोलणं होतं. मी सिनेमावर बोलणार आहे. तेही नायकावर नाही, नायिकेवर नाही. नायिकेला छळणाऱ्या बाईवर. माझा आजचा विषय आहे ललिता पवार.

बघा, नाव घेतल्याबरोबर मागच्या रांगेत हशा पिकला. का हसलात, ते मला ठाऊक आहे. घरात सासू जरा कडक निघाली की सून माहेरी जाऊन काय सांगते? 'आमच्याकडे अगदी ललिता पवार आहे!' पुढे काही सांगावंच लागत नाही. ऐकणाऱ्याला तो बारीक झालेला डावा डोळा दिसतो, तिरकी मान दिसते, आणि सगळं समजतं. एका नटीचं नाव घराघरात असं वापरलं जावं, ही केवढी मोठी पावती! पण माझं भांडण याच पावतीशी आहे. आपण त्या बाईंचा डोळा लक्षात ठेवला आणि त्यांचं काम विसरलो.

त्यांची गोष्ट आपण कशी सांगतो? 1942 साली 'जंग-ए-आझादी' नावाच्या चित्रपटाचं शूटिंग चालू होतं. एका प्रसंगात मास्टर भगवान यांनी ललिताबाईंना थप्पड मारायची होती. ती जोरात बसली. चेहऱ्याच्या डाव्या बाजूवरून वारं गेलं, पुढे कितीतरी दिवस उपचार चालले, आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला. नायिका संपली, खाष्ट सासू जन्माला आली. संपली गोष्ट. वर्तमानपत्रात ललिताबाईंवर काहीही छापून येवो, पहिल्या परिच्छेदात ही थप्पड असतेच. बिचारे भगवानदादा! 'अलबेला'सारखा सिनेमा काढून ज्या माणसाने सगळ्या हिंदुस्थानाला नाचायला लावलं, तोही या गोष्टीत फक्त एका हातापुरता उरला.

घटना खरी आहे. मी ती नाकारत नाही. पण या गोष्टीतून निष्कर्ष काय निघतो? निष्कर्ष असा निघतो की ललिता पवार अपघाताने मोठ्या झाल्या. डोळा गेला म्हणून भूमिका मिळाल्या. म्हणजे श्रेय कुणाचं? थपडेचं! माझा विरोध आहे तो याला. डोळा बारीक झालेली माणसं जगात थोडी आहेत का? त्यांतली किती जणं ललिता पवार झाली?

आधी थपडेच्या अलीकडे जाऊ. जन्म 18 एप्रिल 1916, गाव येवला. येवला म्हणजे काही परका मुलूख नाही. चाळीसगाव, मनमाड ओलांडलं की आलंच. वडील लक्ष्मणराव सगुण हे रेशमी आणि सुती कापडाचे व्यापारी. पैठण्यांच्या गावात दुसरं काय असणार? मुलीचं नाव अंबा. ही अंबा पुण्यात नानासाहेब सरपोतदारांच्या हाताखाली बालनटी म्हणून कॅमेऱ्यासमोर उभी राहिली. 1928 चा 'राजा हरिश्चंद्र' हा मूकपट, त्यात ती होती. फाळक्यांचा नव्हे हं, तो 1913 चा. हा वेगळा.

मूकपट म्हणजे काय, याचा जरा विचार करा. तोंडाला कुलूप. जे सांगायचं ते चेहऱ्याने, मानेने, बोटांनी. नाटकातली माणसं पल्लेदार भाषणं पाठ करून मोठी झाली. ही मुलगी एक अक्षर न बोलता शिकली. पुढे बोलपट आला तेव्हा गळाही होता, गाणंही होतं. 1932 च्या 'कैलास'च्या निर्मितीतच तिचा वाटा होता. 1937 साली 'दुनिया क्या है' काढला, टॉलस्टॉयच्या 'रिझरेक्शन'वरून. विशी-एकविशीतली मराठी बाई, 1937 साल, आणि टॉलस्टॉयवरून सिनेमा काढते! हे आपल्याला कुणी सांगितलं? 'हिम्मत-ए-मर्दां'मधला तिचा पोहण्याच्या पोशाखातला फोटो मात्र अजून फिरतो. भालजींचा 'नेताजी पालकर' 1939 चा. मास्टर विनायकांचा 'अमृत' 1941 चा, त्याची कथा वि. स. खांडेकरांची. त्यात ललिताबाई आहेत. म्हणजे थप्पड बसली तेव्हा ही बाई सिनेमाच्या धंद्यात चौदा वर्षं मुरलेली होती. नटी होती, निर्माती होती, गाणारी होती. डोळा बारीक झाला. चौदा वर्षांचं शिक्षण कुठे गेलं होतं?

ते कुठेच गेलं नव्हतं, याचा पुरावा दोनच वर्षांत मिळाला. 1944 चा प्रभातचा 'रामशास्त्री'. गजानन जागीरदार रामशास्त्री प्रभुणे, आणि आनंदीबाई कोण? ललिता पवार. वय अठ्ठावीस. 'ध'चा 'मा' करणारी आनंदीबाई आपल्याला शाळेपासून पाठ आहे. इतिहासकार त्या गोष्टीवर भुवया उंचावतात, ते जाऊ द्या. सिनेमाला आणि शाळेच्या स्नेहसंमेलनाला ती हवीच असते. या भूमिकेत कुठल्याही नटीने डोळे वटारून, दात खाऊन वेळ मारून नेली असती. ललिताबाईंची आनंदीबाई मला वेगळी दिसते. गादीवर आपल्या नवऱ्याचा हक्क आहे आणि तो डावलला गेलाय, असं मनापासून वाटणारी ही बाई आहे. तिला आपण दुष्ट आहोत हे माहीतच नाही. तिच्या लेखी ती न्यायच मागते आहे. समोर सगळ्या मराठी इतिहासातला सगळ्यात करडा न्यायाधीश उभा, आणि त्याच्यासमोर स्वतःला अन्यायग्रस्त समजणारी स्त्री! सिनेमाला धार येते ती तिथून.

इथून पुढे त्यांच्या प्रत्येक खाष्ट बाईला हेच सूत्र लावून बघा. शांतारामबापूंच्या 'दहेज'मधली, 1950 सालची सासू. हुंडा मागते, सुनेला छळते, शेवटी पोरीचा जीव जातो. या सासूला आपण राक्षसीण म्हणून मोकळे होतो. पण ललिताबाई ती साकारतात कशी? लग्नात काय ठरलं होतं आणि काय आलं, याचा हिशेब डोक्यात पक्का असलेली गृहिणी म्हणून. थंडपणे. अशी बाई आपण पाहिलेली नाही का? खरं सांगा. आपल्या भावकीत, आपल्या गल्लीत? ती कुणाला राक्षसीण वाटत नाही. चार बायका तिला व्यवहाराला चोख म्हणून मानतात. म्हणून 'दहेज' बघताना बायका पडद्याकडे बघून शिव्या द्यायच्या. राक्षसाला कुणी शिव्या देत नाही. शिव्या ओळखीच्या माणसाला देतात.

आता मी माझ्या मुख्य मुद्द्यावर येतो, आणि इथे तुम्हा केळीवाल्यांची मदत लागणार आहे.

1955 साल. राज कपूरचा 'श्री 420'. अलाहाबादहून एक भोळा पदवीधर मुंबईत येतो, खिशात फारसं काही नाही, पोटात भूक. फुटपाथवर एक बाई केळी विकत बसलेली. तिचं नाव गंगामाई, आणि ती आहे ललिता पवार. ती आण्यांत भाव सांगते. आणि हा पठ्ठ्या उलटीच घासाघीस करतो, कमी केळ्यांना जास्त पैसे देऊ करतो! आता मला सांगा, इथे बसलेल्यांपैकी निम्म्यांची तरी केळी आहे. व्यापाऱ्याने स्वतःहून बोर्डापेक्षा वर भाव देऊ केला, असं चोपडा, यावल, रावेर या तीन तालुक्यांत कुणी ऐकलंय का, भो? नाही ना? मग त्या क्षणी गंगामाईला काय वाटलं असेल, हे तुमच्याइतकं कुणाला कळणार! आधी तिला वाटतं, हा चेष्टा करतोय. मग वाटतं, खुळा आहे. मग माया वाटते. भाव, संशय, हसू, माया, हे सगळं एवढ्याशा वेळात त्या चेहऱ्यावरून सरकत जातं. कुठल्या चेहऱ्यावरून? त्याच. डोळा तोच आहे, बारीक झालेला. पण इथे तो डोळा दुष्ट वाटतो का? मुळीच नाही. इथे तो उन्हात बसून बसून किलकिला झालेल्या बाजारातल्या बाईचा डोळा वाटतो. पुढे शंभर रुपयांत घर मिळणार म्हणून ही फुटपाथवरची माणसं पैपैसा घेऊन त्याच पोराकडे येतात, तेव्हा गंगामाईचा त्याच्यावरचा विश्वास बघवत नाही.

आणि आता तेच साल, 1955. गुरुदत्तचा 'मिस्टर अँड मिसेस 55'. मधुबालाची श्रीमंत आत्या सीतादेवी. स्त्रियांच्या हक्कांवर भाषणं करणारी, पुरुषजातीवर खवळलेली, घटस्फोटाच्या कायद्याची पुरस्कर्ती. तीही ललिता पवार. त्याच वर्षी हिंदू विवाह कायदा झाला, आणि सिनेमाने त्यावर टवाळी केली. जाता जाता माझं मत सांगतो: आज तो सिनेमा बघताना पुष्कळदा सीतादेवीचंच बरोबर आहे असं वाटतं. दिग्दर्शकाने तिला टिंगलीसाठी उभं केलं, नटीने तिला मान ताठ ठेवून उभं केलं. सिनेमा तिच्यावर हसतो, पण ती स्वतःवर हसू देत नाही.

एकच वर्ष. एकच चेहरा. एक जमिनीवर फतकल मारून बसलेली, मोकळ्या गळ्याने हाका मारणारी केळीवाली. दुसरी बंगल्यात पाठीचा कणा सरळ ठेवून वावरणारी, शब्द मोजून टाकणारी बाई. फरक कशाने पडला? बैठकीने. गळ्याने. हातांनी. वाक्य संपल्यावर किती थांबायचं, त्या थांबण्याने. डोळ्याने नव्हे.

पटलं नसेल तर दुसरी जोडी घ्या. 1959. बिमल रॉय यांचा 'सुजाता'. त्यात ललिताबाई अस्पृश्यता पाळणारी बुआजी आहेत. अस्पृश्य घरात जन्मलेल्या सुजाताला आपल्या माणसांत जागा मिळू नये म्हणून हट्ट धरणारी. आवाज चढत नाही, शिवी नाही, आणि तरी त्या सोवळ्याचा काच बघणाऱ्याला सोसत नाही. ज्या साने गुरुजींनी आपल्या शेजारी अमळनेरला शिकवलं आणि पुढे पंढरपूरचं मंदिर सर्वांना खुलं व्हावं म्हणून प्राण पणाला लावले, त्यांच्या मुलखात त्या बुआजीची ओळख वेगळी करून द्यायला नको.

आणि त्याच वर्षी हृषिकेश मुखर्जींचा 'अनाडी', त्यातल्या मिसेस डिसा. ख्रिस्ती घरमालकीण. भाडेकरू राज कपूरवर दिवसभर ओरडते, भाड्यासाठी बोल लावते, आणि पोरगं जेवलं की नाही हे बघितल्याशिवाय तिला चैन पडत नाही. वरून फणस, आतून गरे. शेवटी ही म्हातारी औषधाने मरते. विषारी निघालेलं औषध असतं मोतीलालच्या कंपनीचं, आणि आळ येतो तो राज कपूरवर. या भूमिकेला सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. हृषिदांना डिसा हे नाव इतकं आवडलं असावं की 1971 साली 'आनंद'मध्ये त्यांनी ललिताबाईंना इस्पितळाची मेट्रन केलं, आणि आडनाव पुन्हा डिसाच ठेवलं. कडक मेट्रन, आणि मरणाऱ्या पोरासाठी आतून तुटणारी. मी 'आनंद' पाहतो तेव्हा डॉक्टरच्या भूमिकेतल्या उंच, तरुण अमिताभपेक्षा माझी नजर त्या मेट्रनवर जास्त रेंगाळते. चालतं का असं? चालतं. तिकीट माझं आहे.

बुआजी आणि मिसेस डिसा. एक माणसाला शिवत नाही, दुसरी परक्या पोराला घरात घेते. कुणी म्हणेल, डोळ्यामुळे चाललं. मग डोळ्याने दोन्ही कसं केलं?

विनोदाचं तर बोलायलाच नको. 1961 च्या 'जंगली'त घरात हसायला बंदी करणारी आई त्या झाल्या, आणि पुढच्याच वर्षी 'प्रोफेसर'मध्ये त्यांनी कमाल केली. शम्मी कपूर म्हाताऱ्या प्राध्यापकाचं सोंग घेऊन पोरींना शिकवायला येतो. घरची करडी मावशी म्हणजे ललिता पवार. आणि ही पोलादी बाई त्या नकली म्हाताऱ्याच्या प्रेमात पडते! नटायला लागते, लाजायला लागते. आता बघा, लाजणं ही नायिकेची मक्तेदारी. खाष्ट सासूला लाजायला सांगितलं तर थिएटरात नुसता गोंधळ व्हायचा. पण ललिताबाई लाजतात आणि पहिल्यांदा हसणारा प्रेक्षक नंतर गप्प होतो. कारण आपल्याला कळतं की या बाईवर आयुष्यात कुणी कधी प्रेम केलेलं नाही. ती जी लाज आहे ना, ती 1930 च्या दशकातली नायिका आहे. ती गेली नव्हती. पंचेचाळिशीत, चष्मे आणि कडकपणाच्या आडून, ती एकदा डोकावून गेली. 1961 साली संगीत नाटक अकादमीनेही त्यांचा सन्मान केला. सरकारला उशिरा का होईना कळतं कधी कधी.

थोडं बाहेरच्या जगाकडे बघू. जर्मन सिनेमात पीटर लोरे नावाचा नट होता. 1931 साली फ्रिट्झ लांग या दिग्दर्शकाने त्याला 'एम' या चित्रपटात लहान मुलांचे खून करणाऱ्याची भूमिका दिली. मोठे, बाहेर आलेले डोळे. जग त्या डोळ्यांना घाबरलं. शेवटी गुन्हेगारांचीच टोळी त्याला पकडून त्याच्यावर खटला चालवते, तेव्हा तो खुनी आपल्या आतलं जे ओरडून सांगतो, त्याने बघणाऱ्याला त्याची दया येते. पुढे नाझी आले, लोरे ज्यू होता, 1933 साली त्याला जर्मनी सोडावी लागली. हॉलिवूडने त्याला काय दिलं? डोळे दाखवायचं काम. 'माल्टीज फाल्कन', 'कॅसाब्लांका', कुठेही बघा, त्याला बोलावलं ते डोळ्यांसाठी, आणि त्याने काम केलं ते आवाजाने. युद्धानंतर तो जर्मनीत परत गेला, 1951 साली स्वतः एक चित्रपट दिग्दर्शित केला, आणि तो तिथे चालला नाही. लोकांना त्याच्याकडून काही वेगळं नको होतं. बर्लिन काय आणि मुंबई काय, प्रेक्षकाला एकदा खूण सापडली की तो पुढचं बघायचं सोडून देतो.

आता मंथरा. त्याशिवाय तुम्ही मला जाऊ देणार नाही.

25 जानेवारी 1987, रविवार. रामानंद सागरांचं 'रामायण' दूरदर्शनवर सुरू झालं. ते दिवस आठवतात? रविवारी सकाळी बाजारपेठ ओस. गल्लीत एक टीव्ही, समोर तीस माणसं, लाइट गेली की ट्रॅक्टरची बॅटरी काढून आणायची धावपळ. काही घरांत टीव्हीला हळद-कुंकू लागायचं. त्या अयोध्येच्या राजवाड्यात किती मराठी माणसं होती, हे कधी मोजलंत का? कौसल्या जयश्री गडकर, दशरथ त्यांचे यजमान बाळ धुरी, आणि मंथरा ललिता पवार. अर्धी अयोध्या आपली!

मंथरा त्यांना नवी नव्हती. 1961 च्या 'संपूर्ण रामायण'मध्येही त्याच मंथरा होत्या. म्हणजे पंचवीस-सव्वीस वर्षांनी तीच भूमिका, आता सत्तरीत. तोवर बैठक मोडली होती, पाठ आपोआप वाकली होती. सोपं होतं सगळं. कुबड, काठी, डोळा, झालं काम. पण पुन्हा बघा ते भाग. ही मंथरा कैकेयीच्या माहेरची दासी आहे. कैकेयीला तिने अंगाखांद्यावर वाढवलंय. तिला स्वतःसाठी काय हवंय? काही नाही. राज्य नको, दागिना नको. आपल्या पोरीची सवत उद्या राजमाता होणार आणि आपली पोर मागे पडणार, एवढीच तिची कळ. निष्ठा आहे ती, चुकीच्या वाटेने गेलेली. कैकेयीला पटवताना तिचा आवाज आधी मायेचा असतो, मग रुसवा, मग भीती, आणि विष सगळ्यांत शेवटी. एखादी जुनी मोलकरीण घरातल्या मुलीचं मन कसं वळवते, ते ज्याने पाहिलंय त्याला ती पायरी न् पायरी ओळखीची वाटेल. 2020 साली टाळेबंदीत दूरदर्शनने 'रामायण' पुन्हा दाखवलं. माझ्या शेजारच्या घरातली शाळकरी पोरं पहिल्यांदा बघत होती. त्यांना ललिता पवार कोण, थप्पड काय, काही ठाऊक नाही. ती मंथरेवर चिडली ते निव्वळ कामावर.

एक गोष्ट मात्र मला बोचते. शिरपूरच्या घराण्यातली म्हणून स्मिता पाटील आपली, तिचा आपल्याला अभिमान, आणि तो असायलाच हवा. येवल्याच्या ललिताबाईंना कुणी आपलं म्हटलं का? 'रामशास्त्री' सोडला, 'अमर भूपाळी' सोडला, तर मराठी माणसाला त्यांचा मराठी सिनेमा आठवत नाही. त्या हिंदीच्या झाल्या, मग हिंदीने त्यांना सासू केलं, आणि आपण ते मान्य केलं.

यात आपला सगळा दोष नाही, हेही सांगायला हवं. त्यांच्या पहिल्या चौदा वर्षांतलं आज बघायला काय मिळतं? फार थोडं. भारतात हजाराहून जास्त मूकपट निघाले. उरले ते मूठभर, तेही बरेचसे तुकड्यांत. जुनी फिल्म नायट्रेटची, पटकन पेट घेणारी. जी जळली नाही, ती भंगारात गेली, त्यातली चांदी काढायला. पुण्यात सरकारचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभं राहिलं ते 1964 साली. तोवर पुष्कळ काही हातचं गेलं होतं. नायिका ललिता पवार आपल्याला दिसतच नाही, आणि जे दिसत नाही ती जागा गोष्टीने भरून निघते. थपडेची गोष्ट एवढी तगून राहिली, त्याचं हे कारण मला सगळ्यात खरं वाटतं. ललिताबाई गेल्या त्याही पुण्यातच, औंधला, 24 फेब्रुवारी 1998 रोजी.

अध्यक्षांनी दोनदा घड्याळ बघितलंय, तेव्हा आवरतो. ज्यांना माझं म्हणणं पटलेलं नाही, त्यांनी चार सिनेमे बघावेत, सगळे मोबाइलवर मिळतात. एका रात्री 'श्री 420' आणि 'मिस्टर अँड मिसेस 55', दुसऱ्या रात्री 'सुजाता' आणि 'अनाडी'. नायक-नायिकांची गाणी आली की चहा प्यायला उठलात तरी हरकत नाही. बुआजी आणि डिसाबाई पडद्यावर आल्या की मात्र बसा. आणि हातांकडे बघा.

आता प्रश्न विचारा. बहिणींनी आधी विचारावेत, सासवांनी नंतर.